ऊसतोडीच्या फडावर गेलेलं बालपण: तुमचे अनुभव लिहा

दिवाळीच्या आसपास बीडकडून ट्रक भरून माणसं ऊसतोडीला निघतात आणि शाळेच्या पटावरची पोरंही त्यातच जातात. नवरा-बायकोची जोडी म्हणजे एक कोयता, उचल म्हणजे आगाऊ घेतलेले पैसे त्यांच्या नावावर, पोराचं काम कुठं मोजलंच जात नाही. तुम्ही स्वतः गेला असाल, जवळून पाहिलं असेल तर लिहा. मजूर नेणाऱ्या मुकादमाचं, कारखान्याचं नाव नको.

*

मी चौथीपासून जायचो. वाढे, म्हणजे उसाचे हिरवे शेंडे, गोळा करून पेंड्या बांधायच्या, धाकटीला सांभाळायचं, आणि रात्री कधीपण गाडी भरायला आली की झोपेतून उठून बॅटरी धरायची, बाप मोळी डोक्यावर घेऊन फळीवरून चढायचा तेव्हा उजेड हलला तर शिवी बसायची. पाचटानं हात चिरायचे, कालवणात बोट घातलं की झोंबायचं. परत शाळेत आलो तर फळ्यावर भागाकार, मी गेलो तेव्हा गुणाकार चालू होता. मधलं कुणी शिकवलंच नाही, मला अजून भागाकार नीट जमत नाही.

*

मुलींचं पण लिहा कुणीतरी. नऊ वर्षांची होते, पहाटे आई-दादा फडावर गेले की कोपीवर, म्हणजे आमच्या झोपडीवर, पाणी, भाकरी, झोळीतला भाऊ सगळं माझ्याकडे, आणि ह्याला कुणी काम म्हणतच नाही. पंधराव्या वर्षी लग्न लावलं. जोडी झाली की पूर्ण कोयता धरतात, उचल वाढते.

*

मी शिक्षक आहे. बालकामगार कायद्याच्या 2016 च्या दुरुस्तीनंतर 14 वर्षांखालच्या पोराला कुठंच कामाला ठेवता येत नाही, शाळा सुटल्यावर किंवा सुट्टीत घरच्यांना मदत चालते. फडावर विचारलं की हेच ऐकायला मिळतं, "आईबापाला हात लावतंय सर." अहो, शाळा गावाकडं राहिली, सुटणार कुठली! पोरं आजीजवळ गावातच राहावीत म्हणून हंगामी वसतिगृह असतं, पण आमच्याकडं एका वर्षी ते डिसेंबरात सुरू झालं, तोवर अर्धा वर्ग फडावर पोचला होता.

*

आमच्या उसात टोळी होती तेव्हा दहाएक वर्षांच्या पोरीकडून मी रोज वाढे घ्यायचो, पैसे तिच्याच हातात द्यायचो. 1098 ला, म्हणजे मुलांच्या मदतीच्या नंबरला, फोन करता येतो हे माहीत होतं, केला नाही. आज माझी मुलगी दहाची आहे म्हणून लिहितोय.

*

वसतिगृहाबद्दल सरांनी लिहिलं ते खरंय. यंदा आमच्या गावात वेळेवर सुरू झालं, भाची मागं राहिली. तिची आई रोज संध्याकाळी फडावरून फोन करते, जेवली का विचारायला.