मेस्कालचे कॉकटेल 'ढवळावे' की आणखी काही करावे?

माहीमकर: मेस्काल या मेक्सिकन मद्याच्या एका कॉकटेलची कृती मी मराठीत लिहीत आहे. बिया काढून कोरडी भाजलेली ब्याडगी मिरची मेस्कालमध्ये दोन तास भिजवायची, त्यातले ६० मिली मद्य, मेस्काल ज्या वनस्पतीपासून बनवतात त्या अगावेचा चमचाभर पाक आणि बिटर्सचे (कडू अर्काचे) दोन शिंतोडे उंच पेल्यात बर्फावर घालून लांब दांड्याचा चमचा अर्धा मिनिट फिरवायचा, मग गाळून वर संत्र्याची साल पिळायची. मी 'बर्फाबरोबर ढवळा' असे लिहिले. आत्याने ते वाचून विचारले, "ढवळलेले पाणी गढूळ होते ना?" तिची शंका रास्त आहे, कारण हे पेय हलवण्याऐवजी चमच्याने फिरवतात तेच मुळी ते नितळ राहावे म्हणून, जोराने हलवल्यास त्यात हवेचे बारीक बुडबुडे आणि बर्फाचा चुरा मिसळतो. मेस्कालच्या चवीसाठी मी लिहिलेले 'धुरकट चव' हेही तिला पटले नाही. तिच्या लहानपणी चुलीवरचे दूध धुरकटले की त्याचा चहा पाहुण्यांना देत नसत. मग येथे कोणते शब्द योजावेत?

गिरगावकर: चहात साखर ढवळतो तेव्हा चहा गढूळ होतो का? तळाशी गाळ असेल तरच ढवळल्यावर तो वर येतो. हे क्रियापद 'धवल'वरून आले असावे असे मला नेहमी वाटते; ताक ढवळले की ते पांढरे दिसते.

पार्लेकरीण: ताक आपण घुसळतो, ढवळत नाही, त्यामुळे ही व्युत्पत्ती मला मान्य नाही. मी 'चमचा फिरवा' एवढेच लिहिले असते. धुराच्या चवीसाठी मात्र 'धुंगार' हा शब्द तयार आहे. भरताच्या मधोमध वाटीत निखारा ठेवून त्यावर तूप सोडायचे आणि झाकण घालायचे. हा वास दोष म्हणून नव्हे, हौसेने आणलेला असतो.

गिरगावकर: धुंगार हा हिंदी स्वयंपाकघरातून आलेला शब्द आहे. आपल्याकडे 'धुरी' असताना उसनवारी कशासाठी?

पार्लेकरीण: माझी आजी हिंदीचे एक वाक्य बोलत नसे, पण धुंगार म्हणत असे. शब्द कोठून आला यापेक्षा तो घरात किती मुरला हे मी महत्त्वाचे मानते. शिवाय धुरी म्हटले की मला बाळंतिणीची खोली, शेगडी, ओवा आणि वावडिंगच आठवते.

अलिबागची सून: धुरी काय किंवा धुंगार काय, दोन्हींत धूर पदार्थाला बाहेरून दिला जातो. मेस्कालसाठी अगावेची पाने छाटून उरलेला गड्डा तापलेल्या दगडांच्या खड्ड्यात ठेवतात, मातीने झाकतात आणि काही दिवस भाजू देतात. धूर तेथेच मुरतो. मेस्काल हे नाव ज्यावरून आले त्या नाहुआतल (मेक्सिकोतल्या मूळ रहिवाशांची भाषा) शब्दाचा अर्थही 'भाजलेला अगावे' असाच आहे, त्यात धुराचा उल्लेखच नाही. आमच्या पोपटीचे, म्हणजे शेंगा भरून विस्तवात भाजलेले, मडके फोडल्यावर वालाच्या शेंगांना जो वास येतो, त्याला आम्ही धुरकट म्हणत नाही. म्हणून 'भाजका वास' लिहावे, आणि खड्ड्याला हुरड्याची 'आगटी' म्हणावे.

माहीमकर: 'भाजका' मला आवडला, परंतु मुंबईच्या वाचकाला त्यातून धूर जाणवेल का? 'भाजके शेंगदाणे' म्हटल्यावर तो जाणवत नाही.

गिरगावकर: आणि 'अगावे' तरी कशाला? घायपात म्हणा. त्याचे दोर आपण पिढ्यान्‌पिढ्या वापरले आहेत.

पार्लेकरीण: 'घायपाताचा पाक' वाचून कोणी कुंपणाची पाने तोडून आणली तर? दोराची घायपात आणि मेस्कालसाठी मुख्यतः वापरतात ती एस्पादीन एकाच कुळातल्या असल्या, तरी जाती वेगळ्या आहेत.

सोलापूरहून मुलुंडला: आमच्याकडे घायपात हा शब्द मी शाळेच्या पुस्तकात प्रथम वाचला. घरी सगळे 'केकताड' म्हणत. ओढ्यात कुजत घातलेल्या पानांचा वास घरापर्यंत येई, मग ती कुटून वाख, म्हणजे दोराचे तंतू, काढत. कोकणात त्या वाखाला काय म्हणतात?

अलिबागची सून: सासूबाईंना विचारून सांगते.

माहीमकर: अवश्य सांगा. मी तूर्त 'चमचा फिरवा' लिहिले आहे. धुराच्या चवीची जागा अजून कोरीच आहे.