हेलिकॉप्टरला कोलांट्या शिकवल्या, मग टॉवेलच्या घडीला 25 मिनिटं का लागली?

परळची_लाँड्री

नमस्कार. इंजिनिअरिंगच्या शेवटच्या वर्षाला आहे. घरची लाँड्री आहे, बहुतेक काम हॉस्पिटलच्या चादरी-टॉवेलांचं. घड्या बाबा आणि काका घालतात. बाबांचा खांदा हल्ली फार दुखतो, म्हणून घडी घालणारा रोबोट हाच प्रोजेक्ट घ्यायचं मनात आहे.

वाचताना रोबोटिक्सचे संशोधक पीटर अबील यांचं काम सापडलं. स्टॅनफर्डला अँड्र्यू एन्ग यांच्याकडे पीएचडी करताना त्यांनी रिमोटवरच्या हेलिकॉप्टरला कोलांट्या मारायला शिकवलं. पुढे ते बर्कलीला गेले, आणि 2010 मध्ये त्यांच्या गटाच्या पीआर2 या दोन हातांच्या रोबोटला एक टॉवेल घडी करायला सरासरी 1478 सेकंद लागले. कोलांटी जमते आणि टॉवेल जड जातो, हे कसं काय? कापड एवढं अवघड असेल तर मी यात पडू का? आमचे गाईड म्हणतात, तयार डेटासेट घे आणि वस्तू ओळखण्याचं काहीतरी कर.

पवई_रोबोटिक्स

पड. नक्की पड. घरात रोज हे काम होतं, असा विद्यार्थी क्वचितच मिळतो.

आधी तुझा मूळ प्रश्न. हेलिकॉप्टर कुठे आहे, किती कललंय, किती वेगाने सरकतंय आणि फिरतंय, हे 12 आकड्यांत मांडता येतं. ते आकडे सेन्सरवरून मिळतात. पुढे हवेचं गणित भयंकर आहे, पण निदान आपली स्थिती काय आहे हे मशीनला कळतं. बोचक्यातून उपसलेल्या टॉवेलचं तसं नाही. कुठे चुणी पडली, कोणता कोपरा आत दडला, हे मोजक्या आकड्यांत बसतच नाही, आणि अर्धा टॉवेल दिसतही नाही. म्हणून तो रोबोट टॉवेल एका हाताने उचलून हवेत फिरवायचा, वेगवेगळ्या बाजूंनी फोटो घ्यायचा आणि कडेच्या वळणावरून कोपरा हुडकायचा. सगळा वेळ अशा शोधाशोधीत जाणारच. पण त्याच पेपरमधला दुसरा आकडा बघ: 50 प्रयत्न, 50 यशस्वी, आणि टॉवेल आधी न पाहिलेले. माझ्या मते खरी कमाई ती आहे.

आता तुझ्या उपयोगाचं. हेलिकॉप्टरच्या कामात पायलटने तीच कसरत पुन्हा पुन्हा करून दाखवली. एकही वेळ अगदी बिनचूक नव्हती, पण चूक दरवेळी वेगळ्या जागी व्हायची. सगळी उड्डाणं एकत्र जुळवून पायलटला नेमकं काय करायचं होतं ते अल्गोरिदमने शोधलं, आणि हेलिकॉप्टर त्या प्रात्यक्षिकांपेक्षाही सरस उडालं. 2008 चा हा पेपर मी प्रत्येक नव्या विद्यार्थ्याला वाचायला लावतो. नुसत्या हालचालीची नक्कल कापडावर चालणार नाही, कारण दोन चादरी कधी सारख्या पडत नाहीत. हेतू शिकायला हवा. तेव्हा टेबलावर वरून कॅमेरा लाव आणि बाबांचे हात रेकॉर्ड कर. पहिली चिमूट कुठे घेतात, कधी सोडतात, ते बघ.

गाईडना डेटाची काळजी असेल तर त्यांना डोमेन रँडमायझेशनचा 2017 चा पेपर दाखव. अबील त्यातही आहेत. सिम्युलेशनमध्ये रंग, प्रकाश, कॅमेऱ्याची जागा सतत बदलत ठेवली, शिकवताना खरा फोटो एकही वापरला नाही, तरी खऱ्या टेबलावरच्या वस्तूची जागा साधारण 1.5 सेंटिमीटरच्या अचूकतेने सापडली. कॉलेजच्या खर्चात बसणारी वाट आहे ही.

भिवंडी_गोदाम

गोदामात पॅकिंग बघते, म्हणून एवढंच सांगते. अबील यांनी 2017 मध्ये सहकाऱ्यांसोबत काढलेली कोव्हेरियंट कंपनीसुद्धा गोदामातला माल उचलण्याच्या कामातच उतरली. मऊ, चकचकीत पिशवीतला माल उचलणं किती कटकटीचं असतं ते मी रोज बघते. तू सगळी घडी एकदम घेऊ नकोस. नुसता कोपरा शोधून हातात देणारं यंत्र झालं तरी बाबांच्या खांद्याचं काम हलकं होईल.

परळची_लाँड्री

सर, ताई, मनापासून आभार. काल रेकॉर्डिंग केलं. बाबा कोपरा शोधतच नाहीत! कुठलीही कड धरतात, एक झटका देतात, आणि चिमूट शिवणीवरून सरकवत नेतात. कोपरा आपोआप बोटात येतो. नजर बऱ्याचदा रस्त्यावर असते.

पवई_रोबोटिक्स

वा! हे लिहून ठेव, तुझ्या रिपोर्टचं पहिलं प्रकरण हेच. झटक्याचं म्हणशील तर 2021 मध्ये कोलंबिया विद्यापीठातल्या संशोधकांनी फ्लिंगबॉट दाखवला. तो दोन हातांनी कापड झटकून पसरतो. एका स्वस्त हाताला ते झेपणार नाही, पण कडेवरून सरकणं झेपेल. त्यासाठी ग्रिपरच्या (रोबोटच्या पकडीच्या पंजाच्या) बोटांना थोडं रबर आणि दाबाचा सेन्सर लाव, शिवणीची जाडी कळली पाहिजे. सुरुवात चादरीने नको, हात पुसायच्या छोट्या नॅपकिनने कर. दुमडलेली जाड कड असलेला घे.