मदत हवी आहे: अण्णा साळुंके यांची चित्रपटसूची

अण्णा साळुंके म्हणजे 1913 च्या ‘राजा हरिश्चंद्र’मधली तारामती. ग्रँट रोडच्या खाणावळीतला हा स्वयंपाकी दादासाहेब फाळक्यांनी हेरला. 1917 च्या ‘लंका दहन’मध्ये राम आणि सीता, दोन्ही त्यांनीच केले! पुढे ते कॅमेऱ्यामागेही गेले, आणि सूची अडते ती तिथेच. छायाचित्रणाची कामं बहुतेक याद्यांतून गळतात.

नुसत्या चेहऱ्यावरून ओळख पटवू नये. त्या काळची ऑर्थोक्रोमॅटिक फिल्म लाल रंग टिपत नसे, त्यामुळे ओठ काळे दिसतात, त्वचा सावळी येते. त्यात केसांचा टोप आणि लुगडं. शिवाय ‘राजा हरिश्चंद्र’ची उरलेली रिळं 1917 च्या नव्या आवृत्तीची असावीत, असं काही अभ्यासक मानतात. म्हणून त्यातली तारामती 1913 ची समजून चालू नये.

चित्रपटाच्या लांबीचाही घोळ होतो. 35 मिमीचं 1000 फुटी रीळ सेकंदाला 16 चौकटींनी (फ्रेम) 16 मिनिटं 40 सेकंद चालतं, 24 ने जेमतेम 11. मिनिटं नकोत, फूट द्या.

1920 साली मुंबईत सेन्सॉर मंडळ आलं. त्यानंतरचं सरकारी राजपत्र किंवा ‘बॉम्बे क्रॉनिकल’ या वर्तमानपत्रातल्या जाहिराती कुणी चाळल्या आहेत का? साळुंके, साळुंखे, सोळंके अशी तिन्ही रूपं बघावीत. नोंद सापडली तर तारीख, पान, थिएटर आणि नाव छापलंय तसंच कळवा. दादरच्या मुंबई मराठी ग्रंथसंग्रहालयात त्या वर्षांच्या कुठल्या फायली वाचता येतात, हेही सांगा.