पिशवीवर हिरवं पान छापलं की विज्ञान पोचलं का?

रसायनी:
काल इथे एकांनी लिहिलं, "लोकांना रसायनशास्त्र नको असतं. 'प्लॅस्टिक वाईट, कापड चांगलं, मक्याची पिशवी मातीत मिसळते' एवढं सांगा, तपशील तज्ज्ञांनी स्वतःजवळ ठेवावा." वाचून डोकं फिरलं, म्हणून सविस्तर.

मक्याची पिशवी म्हणजे बहुतेक वेळा पीएलए (मक्याच्या साखरेपासून केलेलं प्लॅस्टिक), पीबीएटी (विघटन होणारं दुसरं लवचीक प्लॅस्टिक), थोडा स्टार्च. त्यावर छापलेलं आयएसओ 17088 हे 'कंपोस्ट होते' म्हणायचं मानक कारखान्यातल्या कंपोस्टिंगचं आहे: साठ अंशांच्या आसपास तापमान, ओलावा, खेळती हवा. इतकं सगळं दिलं तर सहा महिन्यांत 90 टक्के विघटन. पीएलएच्या साखळ्या पाण्याने तुटतात, पण तापमान कमी असेल तर ते काम फार रेंगाळतं. तुमच्या बाल्कनीतल्या कुंडीत साठ अंश होतात का? माझ्या कुंडीत दोन पावसाळे काढून ती पिशवी हिरव्या पानासकट जशीच्या तशी आहे. आता आमच्या घरात 'पर्यावरणपूरक' म्हटलं की सासूबाई हसतात. अर्धवट सांगितलं की हेच होतं, पुढचं खरंही कोणी ऐकत नाही.

गांडूळवाली:
रसायनी, सोसायटीच्या कचऱ्याच्या डब्यापाशी कधी उभ्या राहिलात का? मी सिंहगड रोडला रोज राहते. 'ओला वेगळा, सुका वेगळा' हे लोकांच्या गळी उतरलं कारण ते दोन शब्दांत होतं. एकदा मीटिंगमध्ये मी तापमान, जिवाणू सगळं समजावलं. शेजारच्या काकू म्हणाल्या, "एवढी भानगड असेल तर मी आपलं एकाच डब्यात टाकते." मग?

पेठेतला_एक:
आणि कापडी पिशवीचं काय हो? 2018 चा डेन्मार्कच्या पर्यावरण खात्याचा अहवाल आहे. सुती पिशवी 7,100 वेळा वापरली तर प्लॅस्टिकच्या पिशवीची बरोबरी. लक्ष्मी रोडवर दर खरेदीला एक कापडी पिशवी गळ्यात मारतात, घरी ढीग लागलाय. प्लॅस्टिकबंदीचं कौतुक सांगणाऱ्यांनी हा आकडा कधी सांगितला?

रसायनी:
अर्धाच आकडा! 7,100 हा ओझोन थराच्या हानीसकट पर्यावरणाचे सगळे निकष धरून. त्याच अहवालात फक्त हवामानबदल धरला तर 52. शिवाय नाल्यात, गाईच्या पोटात जाणारी पिशवी त्या हिशोबात नाही. बघा, तपशील झाकला की जो तो आपल्या सोयीचा आकडा उचलतो.

पेठेतला_एक:
म्हणजे आमचा आकडा सोयीचा आणि तुमचा शास्त्रीय! तुमच्या शास्त्राने गणपतीचं काय केलं तेही सांगा. 2016 ला पुणे महापालिका आणि एनसीएलने (राष्ट्रीय रासायनिक प्रयोगशाळेने) पीओपीच्या, म्हणजे प्लॅस्टर ऑफ पॅरिसच्या, मूर्ती घरीच बादलीत विसर्जित करायला अमोनियम बायकार्बोनेट आणलं. आमच्याकडे एकाने सांगितलं, "मूर्ती विरघळते." बादलीत ठेवली. दोन दिवसांनी अमोनियाचा वास आणि तळाशी पांढरा गाळ. आई म्हणाली, बाप्पा गेलेच नाहीत.

रसायनी:
तो गाळ कॅल्शियम कार्बोनेट, म्हणजे खडू. वरच्या पाण्यात अमोनियम सल्फेट, म्हणजे खत. पातळ करून झाडांना घालायचं. प्रयोग फसला नव्हता, उत्तम झाला होता! 'विरघळते' ऐवजी 'खडू आणि खत होतं' सांगितलं असतं तर आई घाबरल्या नसत्या.

वारजेकर:
सगळं शहाणपण आमच्याच सणाला का? कारखान्यांचं सांडपाणी नदीत जातं तेव्हा कुठे असतात हे लोक?

गांडूळवाली:
आला, ठरलेला प्रतिसाद आला. दोन्हींवर बोलता येतं हो.

वारजेकर:
तुम्ही बोला, आम्ही विसर्जन करतो.

पेणकर:
माझा मामेभाऊ पेणला मूर्ती करतो. शाडू गुजरातेतून येतो, पावसाळ्यात लवकर वाळत नाही, पुण्याला आणताना मूर्तीचा हात मोडतो. पीओपी हलकं आणि झटपट. 2025 ला मुंबई हायकोर्टाने पीओपीच्या मूर्ती बनवायला परवानगी दिली, पण लहान मूर्ती नैसर्गिक पाण्यात सोडायला नाही. नियम येतो, पुन्हा बदलतो, त्याचं भांडवल अडकून बसतं. आणि शाडूही 'विरघळत' नाही हं, गाळ होऊन तळाशी बसतो. सगळं प्रबोधन गिऱ्हाइकाचं. पीओपीऐवजी काय वापरू, वाळवू कसं, हे त्याला सांगायला एकही शास्त्रज्ञ आलेला नाही.

रसायनी:
हे मान्य. यावर माझ्याकडे उत्तर नाही.

पेठेतला_एक:
नोंद घ्या मंडळी, रसायनीताईंकडे उत्तर नाही!

गांडूळवाली:
गणपती बाजूला ठेवा, पिशवीवर या. कचरा न्यायला येणाऱ्या ताईंना ती मक्याची आणि साधी पिशवी सारखीच दिसते. ओल्या कचऱ्यातून दोन्ही हाताने उपसतात. तेव्हा छापायचंच तर पानाऐवजी छापा: 'घरच्या खतात कुजत नाही'. तुमचे साठ अंश त्यात आले की नाही? झालं समाधान?

रसायनी:
साठ टक्के झालं. पण मोठ्या अक्षरात छापा, नाहीतर चष्मा लावून वाचावं लागेल.

वारजेकर:
ते बायकार्बोनेट यंदा कुठे मिळतंय? घरची मूर्ती पीओपीची आहे. उगाच विचारतोय.