कलोनियल लेगसीला 'वसाहतीचा वारसा' म्हणायचं का?

पागोळी: मॉरिशसच्या मराठी लोकांवर एक मैत्रीण डॉक्युमेंटरी करतेय, तिचे खापरपणजोबा मुंबईहून जहाजाने तिकडे ऊसमळ्यावर मजुरीला गेलेले आणि आज त्यांचं म्हणून तिच्या हाती काय तर नोंदवहीतला एक नंबर. मराठी सबटायटल्स माझ्याकडे आहेत. निवेदनात ती सारखी कलोनियल लेगसी म्हणते. मी 'वसाहतीचा वारसा' लिहिलं तर आईने विचारलं, कुठली वसाहत, रेल्वेची का? शिवाय वारसा म्हटलं की किल्ले, दागिने असलं जपून ठेवायचं काहीतरी डोळ्यापुढे येतं. दुसरा शब्द सुचवा ना.

कोरांटी: 'वासाहतिक' लिही, पुस्तकांत रूढ आहे. वारसा मात्र राहू दे. आजोबा गेल्यावर आमची वारसनोंद झाली तेव्हा जमिनीबरोबर सोसायटीचं कर्जही आलं, तलाठ्याने सातबाऱ्यावर इतर हक्कांत बोट ठेवून दाखवलं. वारशात बोजापण येतो.

दगडफूल: वारसा मुळात अरबी. 'वसा' घ्या की. वसाहत, वसा, कानालाही जवळचे वाटतात.

कोरांटी: वसा व्रताचा असतो, आपण होऊन घेतलेला. उतणार नाही, मातणार नाही, घेतला वसा टाकणार नाही. या लोकांनी करारावर अंगठा उठवला होता, तोही बऱ्याचदा काय लिहिलंय ते न कळता.

उंबरठा: करारावरून आठवलं, ॲग्रीमेंटचं गिरमिट झालं आणि जाणारे झाले गिरमिटिये. हे फिल्ममध्ये येत असेल तर सांभाळा. माझे वडील सुतार, आमच्याकडे गिरमिट म्हणजे लाकडाला भोक पाडायचं हत्यार, वरून आडवी मूठ, जोर देऊन फिरवलं की भुशाच्या वळ्या बाहेर पडायच्या. शाळेत गांधीजींच्या धड्यात गिरमिटिया वाचलं तेव्हा ते सगळे सुतारच असणार असं मी कित्येक दिवस धरून चाललो होतो.

दगडफूल: शब्द एकच असणार. करारसुद्धा माणसाला पोखरतोच.

उंबरठा: नाही हो, हत्याराचं मूळ गिम्लेट. दोन निराळे इंग्रजी शब्द आपल्या तोंडात येऊन एक झालेत.

पागोळी: गिरमिटिया आहे फिल्ममध्ये, तिथे आता 'करारबद्ध मजूर' करते. पण अजून एक अडलंय. मॉरिशसमधल्या पोर्ट लुई बंदराचा तो घाट, १८३४ पासून मजूर जिथे उतरवायला लागले, २००६ साली जागतिक वारसास्थळ झाला तो 'आप्रवासी घाट' या नावाने, पण फिल्ममधली आजी कुली घाटच म्हणते.

दगडफूल: कुली नको, अपमानाचा शब्द आहे. हमाल घाट करा.

कोरांटी: आजी म्हणते तेच ठेव. तिच्या घरात पिढ्यानपिढ्या तेच नाव चालत आलंय, ते सबटायटलमध्ये धुऊन काढायचा आपल्याला काय अधिकार? अपमान झाला तो तिच्याच माणसांचा ना.

उंबरठा: आणि हमाल तर मुळीच नको. हमाल माल उचलून संध्याकाळी घरी जातो. या लोकांची डेपोत नोंद करून मळ्यांवर वाटणी व्हायची.