मदत हवी आहे : गुन्ह्यांच्या नकाशावरून गस्तीची ठिकाणे ठरवताना काय काळजी घ्यावी?

नमस्कार.

एका शहरातील घरफोडी, वाहनचोरी आणि रस्त्यावरील लूटमार या तीन प्रकारांच्या गेल्या काही वर्षांच्या नोंदी जीआयएसच्या (जागेनुसार माहिती नकाशावर मांडून तपासणाऱ्या संगणकप्रणालीच्या) साहाय्याने तपासून गस्त कोठे वाढवावी याची शिफारस करण्याचे काम माझ्याकडे आले आहे. क्यूजीआयएस या जीआयएस सॉफ्टवेअरमध्ये नकाशे करणे मला जमते आणि सांख्यिकीचा पायाही बऱ्यापैकी आहे. परंतु गुन्हेविषयक नकाशांचा अनुभव मला नाही. या नकाशाच्या आधारे माणसांच्या वस्तीत पोलीस पाठवले जाणार आहेत, काही गल्ल्यांमध्ये ते दररोज दिसतील आणि काही गल्ल्यांमध्ये अजिबात दिसणार नाहीत. त्यामुळे नकाशा नुसता देखणा असून भागणार नाही, असे मला मनापासून वाटते. या कामाची माहिती असणाऱ्यांनी कृपया मार्गदर्शन करावे.

पहिली अडचण पत्त्यांची आहे. नोंदींपैकी साधारण तीन चतुर्थांश पत्त्यांनाच अक्षांश-रेखांश मिळाले; उरलेले पत्ते ‘अमुक शाळेच्या मागे’, ‘बाजाराजवळ’ अशा स्वरूपाचे आहेत. जे मिळाले त्यांतही एका चौकावर गडद लाल डाग उमटतो, आणि तेथील बिंदू उघडून पाहिले असता शेकडो नोंदींचे अक्षांश-रेखांश शेवटच्या दशांशापर्यंत सारखे निघतात.

दुसरी अडचण घनतेच्या नकाशाची. कर्नेल डेन्सिटीसाठी (प्रत्येक नोंदीचा प्रभाव ठरावीक त्रिज्येत पसरवून घनता काढण्याच्या पद्धतीसाठी) २०० मीटरची त्रिज्या घेतली की शहरभर लहान लहान ठिपके दिसतात आणि १ किलोमीटर घेतली की अर्धे शहर व्यापणारा एकच पट्टा तयार होतो. माहिती तीच असताना दोन नकाशे इतके वेगळे दिसत असतील, तर यांपैकी कोणत्या नकाशावर विश्वास ठेवून शिफारस करावी?

तिसरी अडचण वेळेची. घरफोडी नेमकी कधी झाली हे बहुधा कोणालाच ठाऊक नसते. घरातील मंडळी बाहेर पडल्यापासून परत येईपर्यंतचा काळ तेवढा नोंदीत असतो, आणि काही नोंदींत तर केवळ तक्रार दिल्याची वेळ आहे.

चौथा प्रश्न मला सर्वांत महत्त्वाचा वाटतो. समजा नकाशा बरोबर आला आणि त्यानुसार गस्त वाढवली, तर गुन्हे खरोखर कमी झाले की शेजारच्या भागात सरकले, हे कसे ओळखावे? या विषयावरील आपला अनुभव आणि वाचन कळवल्यास मी आभारी राहीन.

प्रतिसाद १

प्रश्न नेमकेपणाने मांडल्यामुळे उत्तर देणे सोपे झाले आहे. चौकावरील डागापासून सुरुवात करतो. ज्या पत्त्याचा नेमका ठावठिकाणा लागत नाही, तो पत्ता अनेक जिओकोडिंग सेवा (पत्त्यावरून अक्षांश-रेखांश काढून देणाऱ्या सेवा) त्या वस्तीच्या किंवा टपाल विभागाच्या मध्यबिंदूवर टाकून मोकळ्या होतात. तो डाग गुन्ह्यांचा नसून अपुऱ्या पत्त्यांचा असण्याची शक्यता फार मोठी आहे. एकाच अक्षांश-रेखांशावर किती नोंदी आहेत याचा तक्ता करा, सर्वांत जास्त नोंदी असलेले बिंदू एकेक करून तपासा, आणि प्रत्येक नोंदीपुढे जुळणीचा दर्जा लिहून ठेवा : इमारत सापडली, फक्त रस्ता सापडला, की केवळ वस्ती. फक्त वस्तीपर्यंत पोहोचलेल्या नोंदी घनतेच्या नकाशातून बाहेर ठेवाव्यात. मात्र पोलीस ठाणे, रुग्णालय किंवा मोठे स्थानक यांवर साचलेले बिंदू सरसकट काढू नका. ठाण्यावरचा बिंदू बहुतेक वेळा तक्रार दिल्याची जागा असते. पण स्थानकाच्या वाहनतळावरून वाहने खरोखरच चोरीला जात असतात.

गुन्हेशास्त्रज्ञ जेरी रॅटक्लिफ यांनी २००४ मध्ये केलेल्या अभ्यासात, किमान ८५ टक्के नोंदी जुळल्याशिवाय नकाशातील आकृतिबंधावर विसंबू नये, असा अंदाज मांडला होता. आपण तीन चतुर्थांशावर असाल, तर पुढील सर्व काम थांबवून आधी हेच सुधारणे योग्य ठरेल. ‘शाळेच्या मागे’ अशा पत्त्यांसाठी स्थानिक खुणांची एक यादी करावी लागते. ती हद्दीत अनेक वर्षे फिरलेल्या कर्मचाऱ्यांसोबत बसून केली, तर बरेच पत्ते जागेवर येतात. हे काम कंटाळवाणे आहे, पण त्याला पर्याय नाही. न जुळलेल्या नोंदी शहरभर सारख्या विखुरलेल्या नसतात, हेही लक्षात घ्यावे. जेथे घरांना क्रमांक नाहीत अशा दाट वस्त्यांमधील नोंदी जास्त गळतात, आणि मग नेमक्या त्याच वस्त्या नकाशावर सुरक्षित दिसू लागतात.

आणखी एक तांत्रिक गोष्ट. घनता किंवा अंतर मोजण्यापूर्वी माहिती मीटरमध्ये मोजणाऱ्या प्रक्षेपणात (गोल पृथ्वी सपाट नकाशावर मांडण्याच्या रीतीत), उदाहरणार्थ यूटीएममध्ये, आणली आहे का ते पाहावे. अंशांमध्ये अंतर मोजले तर विषुववृत्तापासून दूर जाताना पूर्व-पश्चिम आणि उत्तर-दक्षिण अंतरे एकमेकांशी जुळत नाहीत आणि वर्तुळाची लंबवर्तुळे होतात.

त्रिज्येबद्दल सांगायचे तर, एकच खरी त्रिज्या अशी काही नसते. निर्णय कोणत्या आकाराच्या जागेसाठी घ्यायचा आहे, त्यावरून ती ठरवावी. पायी गस्त घालणाऱ्या दोघांना जेवढा परिसर सांभाळता येईल, तेवढ्याच आकाराचा डाग आपल्या उपयोगाचा आहे. १ किलोमीटरचा नकाशा नवे ठाणे कोठे उभारावे या प्रश्नाला उपयोगी पडेल, रात्रीच्या गस्तीला पडणार नाही. त्यापुढे दोन्ही नकाशांची कसोटी लावता येते. जुन्या वर्षांच्या नोंदींवरून नकाशा करा, त्यानंतरच्या सहा महिन्यांच्या नोंदी त्यावर टाका आणि गडद भागात किती गुन्हे पडले ते मोजा. गडद भाग शहराच्या ५ टक्के क्षेत्रफळाचा असेल आणि त्यात पुढील काळातील २५ टक्के गुन्हे आले, तर २५ भागिले ५ म्हणजे ५ हा त्या नकाशाचा निर्देशांक झाला. स्पेन्सर चेनी व त्यांच्या सहकाऱ्यांनी २००८ मध्ये ही मोजणी सुचवली. तुलना करताना दोन्ही नकाशांतील गडद भागाचे क्षेत्रफळ सारखे ठेवावे, कारण अगदी लहान डाग निवडला तर हा निर्देशांक आपोआप फुगतो. तिन्ही गुन्ह्यांसाठी ही कसोटी वेगवेगळी लावावी आणि त्यांचे नकाशेही वेगळेच ठेवावेत. एकत्र केलेल्या नकाशात ज्या गुन्ह्याची संख्या जास्त, त्याचाच रंग उरतो.

प्रतिसाद २

वेळेच्या अडचणीवर एक जुना आणि चांगला उपाय आहे. घरफोडी सकाळी ८ ते संध्याकाळी ६ या काळात कधीतरी झाली असेल, तर त्या एका गुन्ह्याचे दहा समान भाग करून प्रत्येक तासाला एक दशांश द्यावा. सर्व नोंदींचे असे भाग करून बेरीज केली की तासागणिक जोखमीचे बरेच प्रामाणिक चित्र मिळते. याला एओरिस्टिक विश्लेषण म्हणतात. काळाचा मध्यबिंदू घेण्याची सवय अनेकांना असते, परंतु त्यामुळे नोकरदारांच्या घरातील सगळ्या चोऱ्या भर दुपारी झाल्याचा भास होतो. केवळ तक्रारीची वेळ असलेल्या नोंदी तासांच्या विश्लेषणातून वगळाव्यात. जागेच्या विश्लेषणात त्या राहू द्याव्यात.

घरफोडीच्या बाबतीत जागा आणि वेळ एकत्र पाहणे फार आवश्यक आहे. एका घरी चोरी झाल्यानंतर पुढील काही आठवडे तेच घर आणि काहीशे मीटरच्या आतील शेजारची घरे यांची जोखीम वाढते, असे अनेक देशांतील अभ्यासांत आढळले आहे. चोराला त्या गल्लीची वाट, कुलपांचा प्रकार आणि निघून जाण्याचे मार्ग ठाऊक झालेले असतात. आपल्या माहितीत हे घडते का, ते नॉक्स चाचणीने पाहता येईल. ही चाचणी मुळात लहान मुलांमधील रक्ताच्या कर्करोगाची प्रकरणे जागेने आणि काळाने एकवटतात का हे शोधण्यासाठी १९६४ मध्ये मांडली गेली आणि पुढे गुन्ह्यांसाठी वापरली जाऊ लागली. उत्तर होकारार्थी आले, तर वर्षभराच्या सरासरी नकाशापेक्षा ताज्या नोंदीवर आधारलेली कृती अधिक उपयोगी पडेल : चोरी झाल्यावर दोन-तीन दिवसांत आजूबाजूच्या घरांना सावध करणे, खिडक्या-दारे तपासून देणे आणि पुढील पंधरवडा त्या गल्लीत फेरी वाढवणे. यातील निम्म्याहून अधिक काम पोलिसांचे नाहीच, हे मला त्यातले सर्वांत चांगले वाटते.

धागालेखक

दोन्ही प्रतिसादांबद्दल मनःपूर्वक आभार. जुळणीचा दर्जा लिहिण्याचे काम सुरू केले असून चौकावरील डाग वस्तीच्या मध्यबिंदूचाच होता हे स्पष्ट झाले आहे. यातून एक मूलभूत शंका मात्र निर्माण झाली. जेथे गस्त जास्त असते तेथे नोंदीही जास्त होतात. त्या नोंदींवरून नकाशा केला तर तो पुन्हा तेथेच गस्त मागणार. हे चक्र आपल्या हातून घट्ट होऊ नये यासाठी काय करावे? शिवाय वाहनचोरीच्या नकाशात जुनी बाजारपेठ सर्वांत वर येते, परंतु तेथे वाहनेही सर्वांत जास्त उभी असतात. आणि हा नकाशा नागरिकांसाठी प्रसिद्ध करावा असा एक प्रस्ताव आहे, त्याबद्दलही मत हवे आहे.

प्रतिसाद ३

आपली शंका अगदी योग्य जागी आहे. संशोधक क्रिस्टियन लम आणि विल्यम आयझॅक यांनी २०१६ मध्ये अमेरिकेतील ओकलंड शहरातील अमली पदार्थांच्या नोंदी एका भाकीत करणाऱ्या पद्धतीला पुरवून पाहिल्या. आरोग्यविषयक सर्वेक्षणावरून काढलेल्या अंदाजानुसार अमली पदार्थांचा वापर शहरभर बराच समान पसरलेला होता, पण पद्धतीने गस्तीसाठी मुख्यतः कृष्णवर्णीय आणि अल्प उत्पन्न गटातील वस्त्या सुचवल्या, कारण जुनी पोलीस कारवाई तेथेच एकवटली होती. कॅलिफोर्नियातील सांताक्रूझ शहराने २०११ च्या सुमारास अशी भाकितपद्धती सर्वांत आधी स्वीकारलेल्या शहरांत स्थान मिळवले आणि २०२० मध्ये तिच्यावर बंदीही घातली.

म्हणून कोणते गुन्हे नकाशासाठी निवडायचे याला फार महत्त्व आहे. जे गुन्हे पोलीस स्वतः शोधून नोंदवतात, म्हणजे अमली पदार्थ बाळगणे, जुगार, किरकोळ उपद्रव, ते गस्तीच्या शिफारशीत धरू नयेत. घरफोडी आणि वाहनचोरीची तक्रार पीडित व्यक्ती स्वतः करते, त्यामुळे तुमचे हे दोन प्रकार त्या मानाने सुरक्षित आहेत. वाहनाचा विमा असेल तर त्याच्या दाव्यासाठीही तक्रार लागते. लूटमारीच्या बाबतीत मात्र सावध राहावे, कारण पोलिसांवर विश्वास नसलेल्या वस्तीतील पीडित ठाण्यापर्यंत येतच नाहीत. रुग्णालयांकडून जखमींची नावे वगळून, फक्त घटनेची जागा आणि वेळ मिळवता आली, तर ती तुलनेसाठी अत्यंत मोलाची ठरते. वेल्समधील कार्डिफ शहरात हीच पद्धत हिंसाचार कमी करण्यासाठी उभी राहिली आणि आज ती कार्डिफ प्रारूप म्हणून ओळखली जाते.

बाजारपेठेबद्दल : गस्त कोठे पाठवायची हा प्रश्न असेल तर गुन्ह्यांची संख्या पाहावी, आणि एखाद्या वाहनधारकाची जोखीम किती हा प्रश्न असेल तर उभ्या वाहनांच्या संख्येने भागावे. रहिवासी लोकसंख्येने भागणे येथे चुकीचे ठरेल, कारण बाजारात राहणारे थोडे आणि येणारे असंख्य असतात.

आता परिणाम मोजण्याविषयी थोडे विस्ताराने लिहितो, कारण प्रकल्प बहुतेक येथेच ढासळतात. सर्वांत गडद ठिकाणे निवडून तेथे गस्त वाढवली तर पुढील वर्षी तेथील आकडे काही प्रमाणात आपोआप खाली येतात, कारण असाधारण वाढलेली संख्या सरासरीकडे परत येतेच. त्यामुळे ‘आधी इतके, नंतर इतके’ या तुलनेने काहीही सिद्ध होत नाही. समजा चाळीस ठिकाणे पात्र ठरली. त्यांच्या सारख्यासारख्या जोड्या लावा आणि प्रत्येक जोडीतील कोणत्या ठिकाणी गस्त वाढवायची ते सोडतीने ठरवा. अमेरिकेतील फिलाडेल्फियात २००९ च्या उन्हाळ्यात ६० ठिकाणी पायी गस्त घालून आणखी ६० ठिकाणांशी तुलना केली गेली, तेव्हा हिंसक गुन्हे २३ टक्क्यांनी कमी झाल्याचे आढळले. गस्त थांबल्यावर हा परिणाम टिकला नाही, हा त्या प्रयोगाचा तितकाच महत्त्वाचा निष्कर्ष आहे. गस्तीने वेळ मिळतो. त्या वेळात अंधाराची जागा, मोडके कुंपण किंवा पहारा नसलेला वाहनतळ दुरुस्त झाला नाही तर सगळे पूर्वपदावर येते. म्हणून प्रत्येक ठिकाणी प्रत्यक्ष जाऊन, गुन्हा तेथेच का घडतो याचे एक पान लिहा आणि ते पान नकाशासोबत जोडा.

गुन्हे सरकतात का हे पाहण्यासाठी प्रत्येक ठिकाणाभोवती साधारण दोन-तीन गल्ल्यांचा पट्टा आखून त्यातील गुन्हेही मोजावेत. तुलनेची ठिकाणे या पट्ट्यापासून दूर असावीत. अमेरिकेतील जर्सी सिटीत गुन्हेशास्त्रज्ञ डेव्हिड वाइसबर्ड आणि सहकाऱ्यांनी नेमका हाच प्रश्न तपासला होता. तेथे गुन्हे शेजारी सरकल्याचे फारसे दिसले नाही. उलट शेजारच्या भागालाही थोडा लाभ झाला. तुमच्याकडेही तसेच होईल असे गृहीत धरू नका, मोजा.

नागरिकांसाठी नकाशा प्रसिद्ध करायचा असल्यास घरफोडीचे नेमके बिंदू कधीही देऊ नयेत. इंग्लंड आणि वेल्सच्या सार्वजनिक नकाशात प्रत्येक नोंद आधी ठरवलेल्या जवळच्या बिंदूवर सरकवली जाते, आणि अशा बिंदूच्या परिसरात एकतर किमान आठ पत्ते असतात किंवा एकही नसतो. घनतेचे लाल डाग तर अजिबात प्रसिद्ध करू नयेत. त्यातून संपूर्ण वस्ती बदनाम होते, आणि वस्तीतील बहुसंख्य रस्त्यांवर वर्षभरात काहीच घडलेले नसते. अमेरिकेतील मिनीआपोलिसमध्ये १९८९ च्या अभ्यासात पोलिसांना आलेल्या निम्म्या दूरध्वनींचे मूळ केवळ ३ टक्के ठिकाणी सापडले होते.

धागालेखक

अत्यंत उपयुक्त मार्गदर्शन मिळाले. लूटमार तूर्त शिफारशीतून बाजूला ठेवून घरफोडी आणि वाहनचोरीपुरतेच काम करावे, असे ठरवत आहे. सोडतीचा मुद्दा वरिष्ठांना पटवणे कठीण जाईल; निम्म्या गडद ठिकाणी गस्त न वाढवणे त्यांना अन्यायाचे वाटेल. याला काय उत्तर द्यावे?

प्रतिसाद ३

हा आक्षेप गंभीर आहे आणि तो आदरानेच घ्यावा. तुलनेच्या ठिकाणी नेहमीची गस्त आणि तक्रारींना मिळणारा प्रतिसाद जसाच्या तसा चालू राहतो, काढून काहीच घेतले जात नाही, हे प्रथम सांगा. नंतर मनुष्यबळाचा हिशेब मांडा. चाळीसही ठिकाणी एकाच वेळी पुरेशी गस्त देणे बहुतेक कोणत्याही दलाला शक्य नसते, त्यामुळे निम्मी ठिकाणे तशीही थांबणारच आहेत. ती कोणाच्या शिफारशीने न निवडता सोडतीने निवडली जातील एवढाच फरक आहे. तीन महिन्यांनी गट बदलण्याची तयारी दाखवली तर आक्षेप बराच सौम्य होतो. त्यातून दुसरी तुलनाही मिळते, फक्त पहिल्या गटावरील परिणाम ओसरायला मध्ये काही आठवडे सोडावेत. कोणत्या नोंदी मोजणार, कोणत्या तारखेपर्यंत मोजणार आणि कोणता आकडा आल्यास गस्त बंद करणार, हे तिन्ही सोडतीपूर्वी लिहून वरिष्ठांची स्वाक्षरी घेऊन ठेवा.