मदत हवी आहे: टाऊ बूटिसचा अरीय वेग दोन किमी/से इकडेतिकडे होतोय

चित्रा
टाऊ बूटिस या ताऱ्याचा अरीय वेग (आपल्या दिशेने किंवा आपल्यापासून दूर जाण्याचा वेग) मोजतेय. त्याच्याभोवतीच्या ग्रहामुळे ±0.47 किमी/से झोका अपेक्षित आहे, पण माझे बिंदू ±2 किमी/से पसरलेत. एकाच रात्री लागोपाठ घेतलेल्या वर्णपटांतही दीड-दीड किमी/से फरक येतो. कॅलिब्रेशन चोख आहे, त्रुटी 0.001 अँगस्ट्रॉमच्या (तरंगलांबीचं एकक) आत. बॅरिसेंट्रिक करेक्शनही (पृथ्वीच्या स्वतःच्या हालचालीची वजावट) केलंय. 3.31 दिवसांच्या आवर्तनावर सगळे बिंदू बसवून पाहिले, काही म्हणता काही दिसत नाही. कुठली पायरी चुकतेय? तारा आता संध्याकाळच्या उजेडात जाईल, त्यामुळे जरा लवकर सांगा.

लंबन
दुर्बिणीचं नाभीय अंतर? स्पेक्ट्रोग्राफची फट किती मायक्रॉन? तरंगलांबीचा कुठला पट्टा? कॅलिब्रेशनचा दिवा कोणता आणि त्याच्या किती रेषा वापरल्या? वेग कशावरून काढला, एका रेषेवरून की क्रॉस-कोरिलेशनने (सगळा वर्णपट नमुन्याशी जुळवून)? यातलं काहीच लिहिलेलं नाही. चूक कुठली ते या उत्तरांवरच ठरेल.

निशाचर
एवढा खटाटोप कशाला? अधिक्रमण पद्धत घ्या, ग्रह ताऱ्यासमोरून जाताना प्रकाश किती घटतो ते मोजा. साधा कॅमेरा आणि एक फिल्टर पुरतो, एका रात्रीत प्रकाशवक्र हातात येतो.

वर्णपटू
@निशाचर, टाऊ बूटिसचा ग्रह ताऱ्यासमोरून जातच नाही. त्याच्या कक्षेचा कल सुमारे 45 अंश आहे. इथे प्रकाशमापनाचा काही उपयोग नाही.

@चित्रा, आधी वेळ तपासा. फिट्स शीर्षकातली (प्रतिमेच्या फाइलीतल्या नोंदीतली) वेळ वैश्विक आहे की संगणकाची स्थानिक? ती एक्स्पोजरच्या सुरुवातीची की मध्याची? पृथ्वीच्या स्वतःभोवती फिरण्याचा वेग विषुववृत्तावर 0.46 किमी/से आहे. म्हणजे वेळ काही तासांनी चुकली तर ग्रहाच्या झोक्याएवढीच चूक तिथे होते. दुसरं, सॉफ्टवेअर स्वतःहून करेक्शन करत असेल आणि तुम्ही पुन्हा हाताने केलं असेल, तर ते दुप्पट होतं.

चित्रा
वेळ वैश्विक आहे आणि मध्याचीच घेतलीय. करेक्शन एकदाच केलंय. 20 सेमी दुर्बीण, एफ/10. फट 25 मायक्रॉन, ग्रेटिंग 2400 रेषांचं, विभेदन सुमारे 15000, पिक्सेलमागे 0.1 अँगस्ट्रॉम. पट्टा हायड्रोजन-अल्फाभोवतीचा. निऑन दिवा आधी आणि नंतर, रेषा 6506.5, 6532.9 आणि 6598.95, बहुपदी दुसऱ्या घाताची. वेग हायड्रोजन-अल्फाच्या गाभ्याला गॉशियन बसवून.

लंबन
आता बोलता येईल.

तुमची 0.001 त्रुटी निरर्थक आहे. दुसऱ्या घाताच्या बहुपदीत तीन गुणांक असतात आणि रेषाही तीनच आहेत. असा वक्र तिन्ही बिंदूंतून तंतोतंत जाणारच, त्रुटी शून्याजवळ येणारच. एखादी रेषा अर्ध्या पिक्सेलने चुकीची मोजली गेली तरी तो आकडा काही बोलणार नाही. एक तर रेषा वाढवा, नाहीतर बहुपदीचा आकार एका चांगल्या रात्रीच्या मोजणीवरून पक्का करा आणि रोज फक्त शून्यबिंदू सरकवा.

हायड्रोजन-अल्फा या कामाला सगळ्यांत वाईट रेषा. पंख रुंद, गाभा ताऱ्याच्या वर्णावरणात तयार होतो आणि हा तारा सक्रिय आहे. तुमच्याच पट्ट्यात लोहाच्या 6546.2, 6569.2 आणि 6592.9 या रेषा आहेत, त्या घ्या. मात्र तारा एफ7 प्रकारचा आणि फिरण्याचा वेग सुमारे 15 किमी/से, म्हणून त्या पसरट दिसतील. एकेक मोजू नका, साच्याशी (ताऱ्याच्या नमुना वर्णपटाशी) एकत्र जुळवा.

एवढं करूनही रात्रीतल्या रात्रीत दिसणारा दीड किमी/से जाईल असं मला वाटत नाही. तो फटीतून येतोय.

शर्मिष्ठा
लंबन म्हणतात ते आकड्यांत मांडते. नाभीय अंतर 2000 मिमी, म्हणजे 25 मायक्रॉनची फट आकाशात 2.6 विकला (विकला म्हणजे अंशाचा 3600वा भाग). विभेदन 15000 म्हणजे फटीची पूर्ण रुंदी 20 किमी/से. भागाकार केला तर दर विकलेला पावणेआठ किमी/से. ताऱ्याचा बिंब फटीत सरासरी पाव विकला डावी-उजवीकडे बसला की दोन किमी/से गेले. गायडिंग (दुर्बीण ताऱ्यावर धरून ठेवणं) कितीही नेटकं असलं तरी पाव विकला कुठे ना कुठे सरकतोच.

निऑनचा प्रकाश मात्र फट काठोकाठ भरतो. त्याला ताऱ्याचं हे सरकणं कळतच नाही. म्हणून आधी-नंतर कितीही दिवे लावले तरी ही चूक दुरुस्त होत नाही. दिवा फक्त यंत्राची लवचीकता आणि तापमानाचा सरक दाखवतो.

खात्री करायची सोपी रीत: संधिप्रकाशातल्या आकाशाचे सलग दहा वर्णपट घ्या. आकाश फट सारखीच भरतं. त्यांचा पसारा लहान आला आणि ताऱ्याचा मोठाच राहिला, तर दोष फटीचा. तशाच आणखी एका ताऱ्याचेही सलग दहा घ्या. अरुंधती केशातला बीटा जवळ आहे, प्रकार जी0, प्रत 4.3, तेजही साधारण तेवढंच. या कामापुरता त्याचा वेग स्थिर धरायला हरकत नाही.

आयोडीनप्रेमी
यावर एकच खरा इलाज, आयोडीनची कुपी. 5000 ते 6200 अँगस्ट्रॉममध्ये हजारो बारीक रेषा, त्या ताऱ्याच्याच प्रकाशात उमटतात. तारा फटीत कुठेही असो, दोन्ही सोबतच सरकतात.

वर्णपटू
तत्त्व बरोबर, पण यंत्र चुकीचं. त्या रेषा वेगळ्या दिसायला विभेदन 50000च्या पुढे लागतं. 15000ला त्या एकमेकींत मिसळून नुसती खडबडीत जमीन दिसते. शिवाय कुपी ठरावीक तापमानाला गरम ठेवायची आणि तिच्यात प्रकाशही बराच जाणार. 20 सेमी दुर्बिणीला ते परवडत नाही.

तत्त्व तेच ठेवून फुकटची कुपी वापरा, ती म्हणजे वातावरण. पट्टा 6300ला न्या. तिथे ऑक्सिजनच्या 6302.00 आणि 6302.76 या भूजन्य रेषा आहेत आणि त्यांना लागूनच ताऱ्यातल्या लोहाच्या 6301.50 आणि 6302.49. भूजन्य रेषा दहा-वीस मी/सेपर्यंत स्थिर असतात. निऑनच्याही 6266.5, 6304.8, 6334.4 आणि 6383.0 अशा चार रेषा मिळतात. तुमच्या सध्याच्या पट्ट्यात पाण्याच्या 6543.9 आणि 6552.6 आहेत, पण कोरड्या रात्री त्या जवळजवळ दिसत नाहीत.

लंबन
@वर्णपटू, सूर्याला हे चालतं, टाऊ बूटिसला जसंच्या तसं नाही. ताऱ्याचा स्वतःचा वेग सुमारे −16 किमी/से. त्यामुळे लोहाची 6302.49 निळ्याकडे सरकून 6302.15ला येते, आणि ती 0.3 अँगस्ट्रॉम दोन्हीकडे पसरलेली. म्हणजे ती थेट 6302.00वर बसली. त्यात पृथ्वीच्या भ्रमणामुळे ती वर्षभर पुढेमागे होते, त्यामुळे ही सरमिसळ दर महिन्याला वेगळी. सरळ केंद्र मोजलंत तर खोटा वार्षिक सरक मिळेल.

वर्णपटू
केंद्र मोजा असं म्हटलंच नाही. ताऱ्याचा साचा गुणिले वातावरणाचा साचा, आणि त्या गुणाकाराला यंत्राचा पसरटपणा, असं प्रतिमान बसवायचं. सोडवायची मुख्य संख्या दोन साच्यांमधला सरक. वातावरणाचा साचा वेगाने फिरणाऱ्या ए किंवा बी प्रकारच्या ताऱ्यावरून घ्या. त्याच्या स्वतःच्या रेषा इथे जवळजवळ नसतात.

निशाचर
बॅरिसेंट्रिक की हेलिओसेंट्रिक, म्हणजे करेक्शन सूर्यमालेच्या वस्तुमानकेंद्राला धरून की सूर्याला, हेही बघा. बरेच जण तिथेच चुकतात.

शर्मिष्ठा
गुरूमुळे सूर्य 12.5 मी/सेने हलतो, तोही बारा वर्षांच्या संथ लयीत. दोन किमी/सेच्या पसाऱ्यात तो शोधू नका.

रोहिणी
51 पेगासी हा तारा घेतला तर? मायोर आणि केलोझ यांनी 1995 मध्ये या पद्धतीने ग्रह शोधायला तिथूनच सुरुवात केली.

लंबन
त्याचा झोका 56 मी/से, टाऊ बूटिसच्या आठव्या हिश्श्याएवढा. मायोर-केलोझ यांच्याकडे ओत-प्रोव्हान्सची 1.93 मीटरची दुर्बीण आणि प्रकाशीय तंतूने प्रकाश पोचवलेला एलोडी होता. स्थिर खोलीत ठेवलेला स्पेक्ट्रोग्राफ आणि सोबत थोरियमचा दिवा.

तंतू बारीक असला तरी ताऱ्याची जागा बरीचशी विस्कटून टाकतो, म्हणून फटीवरचा खरा दीर्घकालीन इलाज तोच. पण उघड्यावरची हवाही लक्षात ठेवा. दाब एक मिलिबारने बदलला तर सुमारे 80 मी/से, तापमान एका अंशाने बदललं तर 285 मी/से सरक, तोही फक्त हवेच्या अपवर्तनामुळे. म्हणूनच पुढची यंत्रं निर्वातात गेली.

चित्रा
संधिप्रकाशाचे वर्णपट घेतले. वेग लोहाच्या रेषांवरून, साच्याने. पसारा 0.15 किमी/से. त्याच रात्री अरुंधती केशातल्या बीटाचा 1.6. म्हणजे फटच. 15 मायक्रॉनची फट आहे माझ्याकडे, ती लावू का? प्रकाश कमी होईल ही भीती वाटतेय.

शर्मिष्ठा
लावा. 15 मायक्रॉन म्हणजे दीड विकला. दृश्यमानता (हवेच्या थरथरीने ताऱ्याचा ठिपका जेवढा पसरतो ती रुंदी) तीन विकलांची असेल तर बिंब फटीपेक्षा मोठा, दोन्ही काठांवरून सांडलेला. मग बिंब थोडा हलला तरी फटीतला प्रकाश जवळपास तसाच भरलेला राहतो. प्रकाश जाईल तो जाऊ द्या, 4.5 प्रतीच्या ताऱ्याला तो परवडतो. नेमक्या स्थिर हवेच्या रात्रीच चूक जास्त येते, तेव्हा अशा रात्री गायडिंगचा बिंदू मुद्दाम फटीच्या आडवा अर्धा विकला पुढेमागे हलवत ठेवा. एक्स्पोजर 600 सेकंद, रात्रीला सहा-आठ, आणि त्यांची सरासरी. त्यातला पसारा भागिले संख्येचं वर्गमूळ, ही तुमची खरी त्रुटी. ती 0.15च्या खाली आली की झोका दिसेल.

आयोडीनप्रेमी
ग्रहाचं किमान वस्तुमान गुरूच्या सुमारे चौपट येतं. ते झोका, आवर्तनकाळ आणि ताऱ्याच्या वस्तुमानावरून काढतात.

लंबन
आधी झोका तर दिसू दे.

@चित्रा, रात्री निवडताना एक बघा. रोज त्याच वेळी निरीक्षण केलं तर कला (ग्रहाच्या फेरीतला टप्पा, पूर्ण फेरी म्हणजे 1) 0.30ने पुढे जाते. लागोपाठ चार रात्री मिळाल्या तर जवळजवळ पूर्ण आवर्तन झाकलं जातं. दर दहा दिवसांनी एकेक रात्र घेतलीत तर मात्र 3.02 फेऱ्या होतात, म्हणजे प्रत्येक वेळी त्याच कलेवर, वक्र कधीच दिसणार नाही. आवर्तनकाळ शोधायला जाऊ नका, रोज एकदाच्या निरीक्षणात 1.43 दिवसांचं खोटं शिखरही तेवढंच उंच दिसतं. 3.3124 दिवस धरून टाका आणि फक्त झोका, कला व सरासरी वेग एवढे तीनच बसवा. बीटाचेही दर रात्री दोन-तीन वर्णपट घ्या आणि त्याच आवर्तनावर बसवा. तिथेही 0.4 किमी/सेचा झोका निघाला तर टाऊ बूटिसच्या आकड्यावर विश्वास ठेवू नका.